एक घंटी थांब, दोन घंट्या चल

पहाटे चारच्या सुमाराला आमच्या मोरीतला नळ आधी खोकायचा, मग फुसफुसायचा. पाइपात रात्रभर कोंडलेली हवा बाहेर पडू लागली म्हणजे पाणी दोन मिनिटांवर आलं, हे लालबागच्या आमच्या चाळीत शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. आई दिवा लावायची नाही. दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही पाच जण ओळीनं झोपलेले. दिवा लागला की सगळेच उठणार. ती अंधारात कळशी नळाखाली सरकवायची आणि नुसता कान देऊन उभी राहायची. रिकाम्या कळशीत पहिली धार पडली की आवाज जाड आणि घुमणारा. पाणी चढू लागलं की आवाजही चढतो, बारीक होत जातो आणि गळ्याशी आलं की एकदम शिट्टीसारखा निमुळता होतो. नेमक्या त्या घटकेला आईचा हात पुढे यायचा आणि कळशीच्या जागी हंडा बसायचा. तानसा-वैतरण्याहून शंभरएक किलोमीटरची वाट चालून आलेल्या त्या पाण्याचा थेंबही सांडत नसे.

यामागचं शास्त्र मी पुढे शाळेत शिकलो. भांड्यात पाण्याच्या वर हवेचा जो स्तंभ उरतो, तो जसजसा आखूड होतो तसतसा नाद उंच होत जातो. बासरीतही हेच घडतं. आई चौथी शिकलेली होती. तिनं ‘हवेचा स्तंभ’ हा शब्द कधी ऐकला नसेल, पण कळशी, हंडा, पितळी पिंप आणि प्लॅस्टिकची बादली, प्रत्येकाचा भरत आलेला सूर तिला पाठ होता.

गेलं वर्षभर मी मुंबईत मुद्दाम कान उघडे ठेवून फिरतो आहे. कधी पहाटे ससून डॉकला, कधी दुपारी ओव्हल मैदानाच्या कडेला, कधी शेवटच्या लोकलनं. या शहराबद्दल बोलताना लोक त्याच्या दिव्यांचं, समुद्राचं, इमारतींचं बोलतात. ते सगळं पाहुण्यांसाठी. इथं राहणारा माणूस आपला दिवस बराचसा कानानं चालवतो. किती वाजले, कुठलं स्टेशन आलं, दारात कोण उभं आहे, गाडी सुटणार की थांबणार, हे त्याला न बघता कळतं. मुंबईतला साधा आवाज हा कुणाचा तरी कुणासाठी निरोप असतो. म्हणून गोंगाटाबद्दल माझी तक्रार जरा वेगळी आहे. गोंगाटानं कान दुखतात, हे तर आहेच. त्याहून वाईट म्हणजे तो हे निरोप पुसून टाकतो.

*

आमच्या घरातलं घड्याळ भिंतीवर नव्हतं, गिरणीत होतं.

मुंबईत कापडगिरणी काढण्याचा पहिला घाट कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये ताडदेवला घातला. तिथून पुढे सव्वाशे वर्षं लालबाग, परळ, शिवडी, वरळी, भायखळा हा सगळा मुलूख भोंग्यावर उठला आणि भोंग्यावर झोपला. पहिली पाळी सकाळी सातची, दुसरी दुपारी साडेतीनची, तिसरी रात्री बाराची. प्रत्येक पाळीआधी भोंगा व्हायचा. बाहेरच्या माणसाला तो एकच मोठा आवाज वाटे. आम्हाला मात्र माणसं वेगळी ओळखू यावीत तशा त्यातल्या गिरण्या ओळखू यायच्या. एकीचा भोंगा सुरुवातीला घोगरा आणि मग मोकळा, दुसरीचा थेट वरच्या पट्टीत, तिसरीचा संपताना जरा ढासळणारा. आई भाताचं आधण भोंग्यावर ठेवायची. शेजारच्या काकी पोराला हाक मारताना म्हणायच्या, “अरे, साडेतीनचा झाला, अजून शाळेचं दप्तर तसंच?” साडेतीन वाजले असं त्या कधी म्हणत नसत. भोंगा हीच वेळ.

बाबा साचाखात्यात होते. साचा म्हणजे माग. बाबा चार साचे सांभाळायचे. ज्यानं साचाखातं ऐकलेलं नाही त्याला ते सांगून कळणं अवघड आहे. मी लहानपणी एकदाच दसऱ्याला यंत्रपूजेच्या निमित्तानं आत गेलो होतो, तेव्हा सगळं बंद होतं आणि पताका लावलेल्या होत्या. मग कुणीतरी गंमत म्हणून एक साचा चालू करून दाखवला. लाकडी धोटा एका टोकाला फेकला जातो, थाडकन थांबतो, पुन्हा उलटा फेकला जातो, मिनिटाला दीडशे-दोनशे वेळा. त्या एका साच्यानं मी कानावर हात ठेवले. बाबांच्या भोवती तसे शेकडो साचे आठ-आठ तास चालत. तिथला आवाज शंभर डेसिबलच्या घरात जायचा.

त्यामुळे साचेवाले तोंडानं बोलत, पण आवाजानं नाही. ओठ मोठे हलवायचे, भुवया, बोटं, मान, सगळ्याची मिळून एक भाषा. ती भाषा ते घरीही घेऊन यायचे. समोरच्या चाळीच्या दुसऱ्या माळ्यावर बाबांचे एक सोबती राहत. रात्री जेवणं झाली की हे आमच्या गॅलरीत, ते त्यांच्या गॅलरीत. मधे पंचवीस-तीस फुटांचं आवार. दोघंही कठड्यावर कोपरं टेकून अर्धा-अर्धा तास गप्पा मारत, आणि एक अक्षर ऐकू यायचं नाही. गावची शेती, पोरांची लग्नं, जॉबरच्या, म्हणजे मुकादमाच्या, चहाड्या, सगळं त्या मुक्या ओठांवर. मध्येच दोघं एकदम हसायचे, तेवढा हसण्याचा आवाज आवारात पडायचा. चाळीतली भांडणं सगळ्यांना कळत, या दोघांचं गुपित मात्र कधी कुणाला कळलं नाही.

कान जातात ते एकदम जात नाहीत. मोठ्या आवाजात वर्षानुवर्षं काम केलेल्या माणसाचे आधी बारीक सूर जातात. पक्ष्याची चिवचिव, दाराच्या बेलची किणकिण, शब्दातले स, श, फ. बाबांना आम्ही बोललेलं ऐकू यायचं, पण काय बोललो ते कळायचं नाही. ‘साखर’ आणि ‘आखर’ त्यांना सारखंच. जाड आवाज मात्र शाबूत राहिले. यावर त्या काळात कुणी उपाय केला नाही. कानात घालायला कापसाचा बोळा हाच काय तो इलाज, आणि कापूस गिरणीत मुबलक होता.

१८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला आणि सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. मी तेव्हा बारा वर्षांचा होतो. मला आठवतात त्या सभा आणि मोर्चे नव्हेत, तर सकाळी जाग आल्यावर खोलीत भरलेली शांतता. आई चुलीपाशी बसून होती आणि किती वाजले ते तिला कळत नव्हतं. नंतर काही गिरण्या पुन्हा सुरू झाल्या, काही भोंगे थकल्यासारखे परत वाजले, पण एकेक करून सगळे गप्प झाले. बाबा मशीद बंदरला एका गोदामात रखवालदार झाले. घरात त्या वर्षी पहिल्यांदा भिंतीवरचं घड्याळ आलं.

फिनिक्स मिलच्या जागी आता मॉल आहे आणि कमला मिलमध्ये कचेऱ्या नि खानावळींची रांग. चिमणी काही ठिकाणी जपून ठेवली आहे. भोंगा कुणी जपला असेल तर तो मी ऐकलेला नाही. कॅनडाचे संगीतकार आर. मरे शेफर यांनी १९७७ मध्ये ‘द ट्यूनिंग ऑफ द वर्ल्ड’ या पुस्तकात मांडलं होतं की गावाला जशी डोळ्यांना दिसणारी खूण असते, देऊळ, मनोरा, वडाचं झाड, तशी ऐकू येणारी खूणही असते आणि तीही जपायला हवी. ते वाचताना मला आमचे भोंगे आठवले. चिमणीला वारसा म्हणणाऱ्यांना भोंगा का आठवू नये, असं राहून राहून वाटतं.

फोर्टात अशी एक खूण अजून तग धरून आहे. राजाबाई टॉवर १८७८ मध्ये पुरा झाला. प्रेमचंद रायचंद यांनी त्यासाठी दोन लाख रुपये दिले आणि मनोऱ्याला आईचं नाव दिलं. म्हातारीला दिसत नव्हतं, ती सूर्यास्ताआधी जेवायची आणि तिला वेळ कळावी म्हणून हे टोल, अशी गोष्ट सांगतात. गोष्ट खरी असो नसो, ती मला पटते, कारण तिच्यात घड्याळ डोळ्यांसाठी नसून कानांसाठी आहे. पूर्वी त्यावर सोळा धुना वाजत, आता दर पंधरा मिनिटांनी एकच. ओव्हलवर क्रिकेट चाललेलं असताना तो टोल पडतो आणि एकाही खेळाडूची मान वर होत नाही. पण पाचचा टोल झाला की सामान आवरणारी मुलं मी पाहिली आहेत.

*

बेस्टच्या बसमध्ये आणि लोकलमध्ये एक गोष्ट सारखी आहे. दोन्हीकडे गाडी पुढून एक जण चालवतो आणि ती सोडायची की नाही हे मागचा दुसरा सांगतो. तो बोलत नाही, घंटी देतो. एक घंटी म्हणजे थांब, दोन घंट्या म्हणजे चल. बसमध्ये कंडक्टर दोरी ओढतो. लोकलमध्ये गार्ड, ज्याला २०२२ पासून कागदोपत्री ट्रेन मॅनेजर म्हणतात, बटण दाबतो. बारा डब्यांपलीकडे मोटरमनच्या केबिनमध्ये दोन ठोके पडतात, मोटरमन तेच दोन ठोके परत पाठवतो आणि मग गाडी हलते. मोटरमनच्या लगतच्या डब्यात, अगदी पुढच्या पत्र्याला टेकून उभे राहिलात तर ऐकू येतं. मी कितीतरी दिवस ते ऐकण्यासाठी तिथं उभा राहिलो. लाखो माणसांचा दिवस या दोन ठोक्यांवर पुढे सरकतो.

बेस्टची पहिली बस १५ जुलै १९२६ रोजी अफगाण चर्चपासून क्रॉफर्ड मार्केटपर्यंत धावली. त्याआधीपासून ट्राम होतीच. ती ३१ मार्च १९६४ च्या रात्री थांबली. ट्रामचा ड्रायव्हर पायानं घंटा वाजवायचा, ते बाबा अजून जमिनीवर टाच आपटून दाखवतात. माझ्या पिढीचा आवाज कंडक्टरच्या पंचाचा. तिकिटाला भोक पाडायचा तो लोखंडी चिमटा, पण कंडक्टर त्याचा उपयोग बोलण्यासाठीच जास्त करत. टिक-टिक, टिक-टिक, हवेतच. त्याचा अर्थ, तिकीट राहिलं असेल तर हात वर करा. तोच पंच दांड्यावर आपटला की पुढे सरका. भरल्या बसमध्ये कंडक्टर दिसत नसे, पण तो कुठवर आलाय हे टिक-टिक सांगायची आणि आपण सुटे पैसे मुठीत तयार ठेवायचो. डबलडेकरमध्ये तर वरचा कंडक्टर आणि खालचा कंडक्टर यांचं बोलणंच घंटीचं. साधी डबलडेकर १५ सप्टेंबर २०२३ ला अंधेरीत शेवटची धावली. तिकिटाचं यंत्र आता कागद कुरकुरत बाहेर काढतं, आणि विजेवरच्या नव्या बसगाड्या तर जवळजवळ बिनआवाजी आहेत. धूर नाही, घरघर नाही, याचा मला मनापासून आनंद आहे. पण परळ नाक्यावर रस्ता ओलांडताना बाबांचा हात आता मला घट्ट धरावा लागतो. पूर्वीच्या बसची घरघर त्यांच्या उरलेल्या कानांना कळायची.

लोकलचं सांगायचं तर एक अख्खा अंक पुरायचा नाही. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी निघाली तेव्हा एकवीस तोफांची सलामी दिली होती. म्हणजे रेल्वे या शहरात आली तीच धडाडधूम करत. ३ फेब्रुवारी १९२५ ला विजेची गाडी व्हिक्टोरिया टर्मिनसहून कुर्ल्याला गेली आणि वाफेच्या शिट्टीचे दिवस सरत आले. आमच्या लहानपणी रुळांचे तुकडे तेरा मीटरचे असत आणि दर सांध्यावर चाक खट्टकन पडे. ताशी साठच्या वेगानं गाडी गेली तर सेकंदाला सव्वा सांधा. त्या ठेक्यावर कितीतरी भजनी मंडळांनी टाळ धरले. डब्याच्या पत्र्यावर तळव्यानं धरलेला ताल, चार टाळ, एक खड्या आवाजाचा बुवा, आणि खालून रुळांचा ठेका. आता रूळ वितळवून सलग जोडलेले असतात, ठेका गेला आणि एक लांब घरंगळणारा सूर उरला. भजनं मात्र काही डब्यांत अजून चालू आहेत.

जुने डबे स्टेशनात उभे राहिले की खालून कॉम्प्रेसरची धडधड यायची, धावून आलेल्या बैलाच्या छातीसारखी. २०१६च्या एप्रिलमध्ये हार्बरवरची दीड हजार व्होल्टची जुनी डीसी वीज बंद होऊन सगळीकडे पंचवीस हजार व्होल्टची एसी आली आणि जुन्या गाड्या गेल्या. नव्या गाड्या निघताना सुराच्या पायऱ्या चढत जातात. एखादा पेटीवर सा-रे-ग शोधत असल्यासारखं वाटतं. आमच्या शेजारची लहान मुलगी तो आवाज तोंडानं हुबेहूब काढते. माझ्या पिढीला खडखड जशी, तशी तिच्या पिढीला ही चढती सरगम. जुनंच चांगलं होतं असं मला म्हणायचं नाही.

आणि माणसांचे आवाज. “दादर? दादर?” हे दोन शब्द पाठीमागून खांद्याशी येतात आणि त्यांचा अर्थ, तुम्ही उतरणार का, नसाल तर मला पुढे जाऊ द्या, मी तुमच्या मागून येतो, ढकलू नका, सगळा त्यात आला. इतक्या कमी शब्दांत इतकं बोलणारी भाषा मला दुसरीकडे भेटली नाही.

माझा एक मित्र जन्मापासून दृष्टिहीन आहे. डोंबिवलीहून रोज फोर्टात बँकेत जातो. त्याच्याबरोबर मी चार-पाच वेळा प्रवास केला आणि माझ्या लक्षात आलं की इतकी वर्षं मी बहिऱ्यासारखा प्रवास करत होतो. अपंगांच्या डब्यासमोर फलाटावर एक यंत्र सतत बीप देत असतं. मी ते कधी ऐकलंच नव्हतं. तो जिना उतरतो, मान जराशी तिरकी करतो आणि त्या बीपकडे सरळ चालत जातो. बीप समोर आला की थांबतो. गाडीत बसल्यावर तो स्टेशनं मोजत नाही, ऐकतो. पुलावर चाकांखालचा आवाज पोकळ होतो, छताच्या फलाटात तो दाटतो, उघड्यावर पसरतो. फास्ट लोकल पारसिकच्या बोगद्यातून जायची तेव्हा ती त्याची सगळ्यात मोठी खूण होती. १९१६ मध्ये खुला झालेला हा बोगदा साधारण सव्वा किलोमीटर लांब. आत शिरल्याबरोबर आवाज चारी बाजूंनी अंगावर यायचा, गाडी बाहेर पडली की खिडकीतून एकदम हलकं वाटायचं आणि मग ठाणे जवळ आलं. २०२२ मध्ये ठाणे-दिवा नव्या मार्गिका झाल्या आणि फास्ट लोकलची वाट बोगद्याबाहेरून वळली. डोळसांच्या दृष्टीनं प्रवास सुखाचा झाला. त्याला मात्र नव्यानं रस्ता पाठ करावा लागला, आणि तो त्यानं महिनाभरात केला.

त्याची तक्रार वेगळीच आहे. फलाटावर घोषणा चालू असताना त्याच वेळी जाहिरात वाजते, शेजारच्या फलाटावरची घोषणा तिसरीकडून येते, कुणाच्या तरी मोबाइलवर व्हिडिओ चालू असतो, आणि या सगळ्यात बीप बुडून जातो. “मला आवाजाचा त्रास नाही,” तो म्हणाला, “मला ऐकू येत नाही त्याचा त्रास आहे.” हा लेख लिहायला मी बसलो तो या वाक्यापायी.

*

गल्लीतल्या हाका हा आमच्या लहानपणीचा दिवसभराचा कार्यक्रम. पहाटे वासुदेवाच्या चिपळ्या, मग पाववाला, सकाळी सायकलवर रबरी भोंपू दाबत इडलीवाला, दुपारी भंगारवाला आणि बोहारीण, उन्हं कलली की कुल्फीची घंटा. पिंजारी आला की हाकही लागत नसे. खांद्यावरच्या धनुकलीची तात त्यानं नुसती छेडली की टणत्कार तिसऱ्या माळ्यावर पोचायचा. कधी नंदीबैलवाल्याचं गुबुगुबू.

या हाकांत शब्द शोधू नयेत. भंगारवाल्याच्या हाकेत ‘भंगार’ कुणाला ऐकू येतं? आणि त्याला कारण आहे. व्यंजनं लांब जात नाहीत, वाटेतच गळून पडतात. तिसऱ्या माळ्यावर पोचतो तो स्वर आणि त्याची चाल. फेरीवाल्यांनी हे पिढ्यान्‌पिढ्यांच्या अनुभवानं ओळखलं आणि व्यंजनं सोडून दिली, स्वर ताणला, शेवटी एक झटका किंवा हेलकावा ठेवला, की झाली ओळख.

कल्हईवाल्याचं मात्र जरा सविस्तर सांगतो, कारण तो आता क्वचित येतो. वर्षातून दोनदा, बहुधा सणांआधी, आवारात त्याची “कल्हईऽऽय” यायची आणि बायका पितळेची भांडी घेऊन खाली उतरायच्या. तो जमिनीत वीतभर खड्डा करायचा, त्यात कोळसे, आणि बाजूला चामड्याचा भाता. भाता फूऽस-फूऽस असा श्वास घेऊ लागला की कोळसे तडतडायचे. पातेलं चिमट्यात धरून निखाऱ्यावर फिरवायचं, चांगलं तापलं की आत नवसागराची पूड. पांढरा धूर, नाकात झिणझिण्या. मग कथलाची कांडी टेकवायची, ते वितळलं की कापसाच्या बोळ्यानं झरझर आतून फिरवायचं, आणि काळवंडलेलं पातेलं डोळ्यांदेखत चांदीसारखं व्हायचं. शेवटी ते पाण्याच्या बादलीत. चर्रर्र! आम्ही पोरं सगळा वेळ त्या एका आवाजासाठी उकिडवी बसलेली असू. वरच्या माळ्यावरच्या बायका ‘चर्र’ मोजायच्या. पाच भांडी दिली होती, पाच वेळा झालं, आता खाली जाऊन पैसे द्यायला हरकत नाही.

स्टीलनं कल्हईवाला संपवला, ते समजतं. पण बाकीच्या हाका बंद झाल्या त्या वस्तू नकोत म्हणून नव्हे. आमच्या चाळीच्या जागी आता चाळीसमजली टॉवर आहे. फाटकावर रखवालदार, खिडक्यांना दुहेरी काच, आत एसी. तिसऱ्या माळ्यासाठी घडवलेला गळा तेविसाव्या मजल्याला पुरा पडत नाही. उरलेल्या फेरीवाल्यांनी आता गाडीवर भोंगा बांधला आहे, त्यात रेकॉर्ड केलेली हाक पुन्हा पुन्हा फिरते. त्या हाकेला सगळी व्यंजनं आहेत, पण चाल नाही.

*

आता गोंगाटाबद्दल, आणि ते मी सौम्यपणे लिहू शकत नाही.

२००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार वस्तीच्या भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रुग्णालय, शाळा, न्यायालय यांच्या भोवतीच्या शंभर मीटरच्या शांतता क्षेत्रात दिवसा ५० आणि रात्री ४०. रात्री दहा ते सकाळी सहा उघड्यावर ध्वनिवर्धक बंद. १८ जुलै २००५ ला सर्वोच्च न्यायालयानं हे नियम ठामपणे उचलून धरले. डेसिबल हा आकडा फसवा असतो. ५५ चे ८५ झाले म्हणजे आवाज दीडपट झाला असं वाटतं. प्रत्यक्षात दर दहा डेसिबलला ध्वनीची तीव्रता दसपट होते, म्हणजे ५५ वरून ८५ ला गेलो की हजारपट. डॉ. यशवंत ओक यांच्यासारख्या मुंबईकर डॉक्टरांनी या प्रश्नावर न्यायालयाची पायरी झिजवली, आवाज फाउंडेशनच्या सुमैरा अब्दुलअली वर्षानुवर्षं हातात मीटर घेऊन सणासुदीला रस्त्यावर उभ्या राहिल्या. त्यांनी मोजलं म्हणून निदान आकडे तरी वर्तमानपत्रात आले. २०२०च्या जानेवारीत मुंबई पोलिसांनी काही सिग्नलांवर एक प्रयोग दाखवला. हॉर्नचा आवाज ८५ डेसिबलच्या वर गेला की लाल दिव्याचे सेकंद पुन्हा पहिल्यापासून. वाजवा, आणि थांबा. मला तो प्रयोग मनापासून आवडला होता. तो शहरभर नेमानं चालायला हवा होता.

लालबागचा माणूस ढोलाला नाकं मुरडणार नाही. गणपती आमच्या रक्तात आहे. केशवजी नाईक चाळीत १८९३ मध्ये सुरू झालेला सार्वजनिक उत्सव आमच्या गणेश गल्लीत १९२८ ला आला. टाळ-मृदंग, लेझीम, बेंजो, नाशिक ढोल, सगळ्यावर मी नाचलो आहे. ढोल माणूस वाजवतो, त्याचा हात दुखतो, तो थांबतो. ट्रकवर रचलेल्या स्पीकरच्या भिंतीचा हात दुखत नाही.

आई शेवटच्या आजारात एका रुग्णालयात होती. बाहेर शांतता क्षेत्राचा फलक होता. रात्री साडेनऊच्या सुमाराला एक मिरवणूक रस्त्यावर येऊन थांबली. खिडक्या बंद केल्या. बारीक आवाज काचेनं अडतात, जाड आवाज भिंतीतून येतात. सलाइनची बाटली दांडीवर थरथरत होती, तिच्यातलं पाणी थरथरत होतं. आई काहीतरी सांगत होती. मी वाकलो, कान तिच्या ओठांशी नेला. काही ऐकू आलं नाही. मग बाबा पुढे झाले. त्यांनी तिच्या ओठांकडे बघितलं, तसंच, समोरच्या गॅलरीकडे बघायचे तसं, आणि म्हणाले, “पाणी मागतेय.”

*

२२ मार्च २०२० नंतर करोनामुळे लोकल थांबल्या आणि या शहरानं कित्येक पिढ्यांत ऐकली नसेल अशी शांतता ऐकली. पहिले काही दिवस छान गेले. कोकीळ होता, वाऱ्यानं वाजणारी पिंपळाची पानं होती, गल्लीच्या टोकाला कुणी झाडू मारत असेल तर त्याचा खराटा ऐकू यायचा. मग रात्री रुग्णवाहिका एकट्याच ऐकू येऊ लागल्या आणि कोकीळ नकोसा झाला. परळच्या पुलाखालून लोकलचा आवाज पुन्हा यायला लागला त्या दिवशी आमच्या मजल्यावर दोन-तीन दारं उघडली, माणसं नुसतीच बाहेर येऊन उभी राहिली.

बाबा आता ऐंशी पार आहेत. कानातलं यंत्र त्यांना आवडत नाही, सगळंच मोठं होतं म्हणतात. दाराची बेल त्यांना ऐकू येत नाही, नातीचं बोलणं ओठांवरून कळतं. गेल्या ३१ डिसेंबरला आम्ही माझगावला बहिणीकडे होतो. तिच्या इमारतीच्या गच्चीवरून बंदर दिसतं. बारा वाजता बंदरात उभी असलेली जहाजं एकदम भोंगे देतात, ही इथली जुनी रीत. फटाके आणि गाण्यांचा सगळीकडून कल्ला होता, बाबा खुर्चीवर शाल घेऊन बसलेले, बहुधा पेंगत. बारा झाले. पाण्यावरून पहिला भोंगा आला, घोगरा, मग मोकळा. त्याच्यात दुसरा मिसळला, मग तिसरा, इतके जाड की गच्चीचा कठडा हाताला थरथरला.

बाबांनी डोळे उघडले. कल्ल्याकडे नव्हे, बंदराकडे मान वळवली. खुर्चीच्या हातांवर भार देत उभे राहिले, शाल नीट खांद्यावर घेतली आणि माझ्याकडे बघून, आवाज न काढता, नुसते ओठ हलवून म्हणाले, “दुसरी सुटली.”